आइस मेकरमध्ये माठाचं पाणी भरा

ताई, तुमचा प्रश्न थोडक्यात असा. एप्रिलच्या शेवटी तुम्ही ओट्यावर ठेवायचा छोटा आइस मेकर घेतला. खोक्यावर ‘२४ तासांत १२ किलो’ असं छापलंय. नागपुरात मानेवाड्याच्या घरी तो शेगडीच्या बाजूला ठेवलाय. सकाळी अकरा ते संध्याकाळी पाच चालवला तर जेमतेम सव्वा ते दीड किलो बर्फ निघतो, तोही पातळ कवचासारखा, आणि टोपली उचलायला जावं तर निम्मं पाणीच. सारखं भरावं लागू नये म्हणून तुम्ही मशीनची टाकी छतावरच्या टाकीतल्या पाण्यानं काठोकाठ भरता. दुकानदार म्हणतो मशीन चांगलं आहे, शेजारचे काका म्हणतात आतला थंड करणारा गॅस कमी आहे. आणि ऐन नवतप्यात, मे अखेरच्या त्या सगळ्यात कडक उन्हात, घरी साखरपुडा आहे. साठ माणसं, पन्हं आणि बर्फ.

गॅस कमी नाही. न बघता मी हे सांगू शकतो, कारण तुम्हीच एक कामाची गोष्ट लिहिली आहे: दर वेळी बर्फाच्या नऊच्या नऊ गोळ्या पडतात आणि सगळ्या सारख्याच पातळ असतात. आत धातूची बोटं असतात, त्यांच्यावर बर्फ धरतो; गॅस कमी असला की तो शेवटच्या बोटापर्यंत पोचत नाही. मग एका टोकाच्या गोळ्या जाड येतात आणि दुसऱ्या टोकाला पापुद्रा तरी येतो नाहीतर काहीच येत नाही. सारख्या पातळ गोळ्यांचा अर्थ असा की मशीन जीव तोडून काम करतंय, त्याला उष्णताच जास्त उपसावी लागतेय. त्यामुळे ‘पाचशे रुपयांत गॅस टॉपअप’ करून देणारा कोणी दारात आला तर त्याला चहा पाजा आणि परत पाठवा. या मशीनमध्ये सगळा मिळून काही ग्रॅम गॅस असतो, वीस, तीस, चाळीस, मॉडेलप्रमाणे. तो व्हॅक्यूम करून, काट्यावर तोलून भरावा लागतो. अंदाजानं भरला की चांगलं मशीनही बिघडतं.

हे मी शहाणपणानं सांगत नाही, फसून सांगतोय. फ्रिज, एसी आणि कूलरच्या कामात मला सव्वीस वर्षं झाली. असं पहिलं मशीन माझ्याकडे आलं ते एका रसवंतीवाल्या भावाचं. ‘बर्फच धरत नाही काहून?’ म्हणून घेऊन आला. मीही गॅसवरच संशय घेतला, रिकामं केलं, नवीन भरला. वर्कशॉपमध्ये संध्याकाळी चालवून पाहिलं तर झकास बर्फ. दुसऱ्या दिवशी दुपारी पुन्हा त्याचा फोन. गाडीवर जाऊन पाहिलं तर मशीन उन्हात, आणि पाणी भरलं जात होतं पत्र्याच्या पिंपातलं, ज्यात बोट बुडवलं तर चटका बसावा. पैसे परत दिले. तेव्हापासून टूलकिटमध्ये थर्मामीटर ठेवतो.

आता झाकणाच्या काचेतून आत बघा, म्हणजे पुढचं सगळं आपोआप समजेल. वर नऊ धातूची बोटं लटकलेली दिसतील. त्यांच्याखाली एक छोटी ट्रे असते. तळाच्या टाकीतलं पाणी पंप त्या ट्रेमध्ये चढवतो, बोटं त्या पाण्यात बुडतात आणि त्यांच्या आतून थंड गॅस फिरतो. बर्फ बोटाला चिकटून बाहेरच्या दिशेनं वाढत जातो, म्हणून गोळी मधून पोकळ असते. सहा ते बारा मिनिटांनी ट्रे कलते, न गोठलेलं पाणी खालच्या टाकीत परत जातं, एक व्हॉल्व्ह उघडून गरम गॅस बोटांमध्ये सोडला जातो, गोळ्या सुटतात आणि एक फावडं त्यांना टोपलीत ढकलतं. मग पुन्हा पहिल्यापासून.

यात मालकिणीनं लक्षात ठेवायच्या गोष्टी म्हणजे या. बर्फ किती जाड व्हावा हे बहुतेक मशीनमध्ये ठरलेल्या मिनिटांवरून ठरतं, मशीन बर्फ मोजत नाही. पाणी गरम असलं तर त्या ठरलेल्या मिनिटांतली बरीचशी पाणी थंड करण्यातच जातात, गोठायला वेळच उरत नाही. म्हणून पातळ कवच. दुसरं, टोपली थंड नसते. हा फ्रीजर नाही. टोपलीच्या आसपास गार करणारी कुठलीही नळी नाही, फक्त झाकण आहे. बर्फ तिथं पडला की वितळायला लागतो, आणि ते पाणी पुन्हा टाकीत जाऊन पुन्हा गोठतं. हे मशीन बर्फ बनवतं, साठवत नाही, एवढं एक वाक्य खोक्यावर मोठ्या अक्षरात छापलं असतं तर माझे निम्मे फोन वाचले असते.

आता हिशोब, कारण सगळं उत्तर त्यातच आहे. एक किलो पाणी एक अंश थंड करायला एक किलोकॅलरी उष्णता काढावी लागते. शून्यावर आलेल्या त्याच एक किलो पाण्याचा बर्फ करायला आणखी ८० काढाव्या लागतात. दुपारी तुमच्या छतावरच्या काळ्या टाकीतलं पाणी ४२ अंशांचं धरा, मे महिन्यात ते सहज असतं. म्हणजे ४२ अधिक ८०, एकूण १२२. माठाचं पाणी २५ अंशांचं धरलं तर १०५. फ्रिजमधल्या बाटलीचं १० अंशांचं धरलं तर फक्त ९०. छतावरच्या टाकीचं पाणी वापरून तुम्ही फ्रिजच्या पाण्यापेक्षा एक तृतीयांशाहून जास्त काम त्या बिचाऱ्या कॉम्प्रेसरवर लादताय, आणि तो काही मोठा पहिलवान नाही. एसीचा ‘टन’ आपण रोज बोलतो, तो शब्द मुळात बर्फाचाच आहे: २४ तासांत एक अमेरिकन टन, म्हणजे सुमारे ९०७ किलो बर्फ वितळायला जेवढी उष्णता लागते तेवढी उपसण्याची ताकद म्हणजे एक टन. त्या मापानं तुमचं १२ किलोचं मशीन एका टनाचा पंचाहत्तरावा हिस्सा झालं. दीड टनाच्या एसीला पाण्याच्या दहा-पंधरा अंशांनी फरक पडणार नाही, याला पडतो.

आणि तो ‘१२ किलो’चा आकडा खोटा नाही, पण तो नागपूरचा नाही. अशा मशीनची चाचणी गार खोलीत, साधारण २५ अंशांच्या आसपास होते. मशीनच्या मागची पट्टी बघा. तिथं हवामानाचा वर्ग लिहिलेला असतो. ‘एन’ असेल तर ३२ अंशांपर्यंत, ‘एसटी’ असेल तर ३८ पर्यंत, ‘टी’ असेल तर ४३ पर्यंत. त्याच्या वर मशीन बंद पडतं असं नाही, पण कंपनीनं हमी दिलेली नाही एवढं समजायचं. नागपूरचा विक्रम २३ मे २०१३ चा, ४७.९ अंशांचा. (२०२४ च्या मे अखेरीस एका स्वयंचलित केंद्रानं ५६ दाखवले होते आणि दिवसभर सगळ्यांच्या फोनवर तोच आकडा फिरत होता. नंतर हवामान खात्यानं सांगितलं की सेन्सरच बिघडला होता. या गावात मोजणाऱ्या यंत्रालाही ऊन लागतं.) घेण्याआधी कोणी विचारलं तर मी एवढंच सांगतो: पट्टीवर ‘टी’ बघा, बाकी रंग कुठलाही घ्या.

म्हणून पहिलं काम, पाणी बदला. माझं पहिलं मत माठ. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये हवा इतकी कोरडी असते की माठ झिरपतो तसा बाहेरची हवा ४३ असली तरी आतलं पाणी २५-२६ वर आणून ठेवतो. माझ्या घरी मी थर्मामीटर टाकून पाहिलंय. मुंबईच्या दमट हवेत माठ एवढा चालत नाही, आणि इथंही मृग लागून पाऊस सुरू झाला की त्याची ताकद जाते. पण बर्फ हवा असतो तो याच दोन महिन्यांत, आणि हे थंड पाणी फुकट मिळतंय, वीज न जाळता. रात्री माठ भरायचा, सकाळी तेच पाणी मशीनला. आणखी गार हवं तर फ्रिजमध्ये दोन बाटल्या मशीनसाठी म्हणून वेगळ्या ठेवा. बर्फाचे तुकडे मात्र टाकीत टाकू नका, पंपाच्या तोंडाशी अडकतात.

भरायचं कसं, तेही सांगतो, कारण तुमचा दुसरा घोटाळा तिथं आहे. टोपली बाहेर काढा. पाणी तळाच्या टाकीत ओता, बोटांखालच्या ट्रेमध्ये नाही. टाकीच्या आतल्या भिंतीवर ‘मॅक्स’ची रेघ असते, तिथं थांबा. ती रेघ टोपलीच्या बुडाच्या खाली ठेवलेली असते, आणि मुद्दाम ठेवलेली असते. तुम्ही काठोकाठ भरता तेव्हा टोपलीचं बूड पाण्यात बुडतं आणि पडलेला बर्फ थेट त्या पाण्यात बसतो. ‘निम्मं पाणी’ ते हेच. सारखं भरावं लागू नये म्हणून जास्त भरणं म्हणजे उतू जाऊ नये म्हणून पातेल्यातच बसण्यासारखं आहे.

एक गंमत सांगतो, फार जण हे करत नाहीत. पाहुणे दारात आले आणि पंधरा-वीस मिनिटांत बर्फ हवा असेल तर टाकी पूर्ण भरू नका, अर्धीच भरा. दर फेरीला ट्रेमधलं न गोठलेलं थंड पाणी खाली येतं आणि टाकीतल्या पाण्याला गार करतं. म्हणून पहिल्या दोन-तीन फेऱ्यांच्या गोळ्या लहान येतात आणि नंतरच्या ठसठशीत. टाकीत पाणी कमी असलं की ते लवकर गार होतं. उलट, मशीन छान रंगात आलेलं असताना मधेच लोटाभर गरम पाणी ओतलं की सगळी मेहनत वाया, पुन्हा पातळ कवच सुरू. वरून भर घालायची असेल तर फ्रिजच्याच पाण्याची.

पाणी कुठलं? नळाचं येत असेल, पेंच धरणाचं असो की कन्हान नदीचं, गाळून-शुद्ध करून जे तुम्ही पिता तेच भरा. बर्फ हा अन्न आहे, पिण्यालायक नसलेल्या पाण्याचा बर्फही पिण्यालायक नसतो, गोठल्यानं जंतू मरत नाहीत. बोअरचं पाणी असेल तर टाळा, कारण पुढे सांगतो तो क्षार. आरओचं पाणी उत्तम. फक्त काही मशीन पाण्याची पातळी दोन धातूच्या टोकांमधून वीज वाहते की नाही यावर ओळखतात. त्यात अगदीच क्षार नसलेलं, बॅटरीत घालतात तसलं डिस्टिल्ड पाणी भरलं तर टाकी भरलेली असूनही ‘पाणी भरा’चा दिवा लागतो. मशीन बिघडलं समजून लोक घेऊन येतात. सरबत, दूध, सोडा, खसचं पाणी, यातलं काही कधीही भरायचं नाही. एका घरी पोट्ट्यांनी हिरवं सरबत भरलं होतं, रंगीत बर्फ मिळावा म्हणून. पंपाच्या आत साखर चिकटून बसली. पंप बदलावा लागला.

आता जागा. शेगडीच्या बाजूला तर अजिबात नको. एक तर तिथली हवा गरम, आणि दुसरं, मागच्या पट्टीवर गॅसचं नाव बघा, आर-६००ए असेल तर तो ज्वलनशील असतो. मात्रा थोडी असते, फ्रिजमध्येही तोच असतो, घाबरायचं कारण नाही, पण पेटत्या बर्नरला खेटून ठेवायचंही कारण नाही. मशीन पोटातली उष्णता बाजूच्या जाळीतून पंख्यानं बाहेर फेकतं. त्या जाळीसमोर किमान १५ सेंटीमीटर मोकळी जागा हवी. आणि वरून रुमाल नको! धरमपेठेत एका आजींनी मशीनवर क्रोशाचं सुंदर आच्छादन विणून घातलं होतं, दोन्ही बाजूंच्या जाळ्या झाकून. टीव्ही, मिक्सर, फ्रिज, सगळ्यांना तसलंच. ते काढायला सांगताना मलाच वाईट वाटलं, पण बर्फ दुप्पट झाला.

नागपुरात सगळ्यात चांगली जागा म्हणजे कूलरची खोली. बाहेर ४४ असताना चांगल्या खसच्या ताट्यांचा कूलर खोली तीसच्या आसपास आणतो, मशीनला तेच हवंय. फक्त कूलरच्या तोंडासमोर ठेवू नका, तुषार आत जातात. आणि कूलर व आइस मेकर एकाच एक्स्टेन्शन बोर्डावर लावू नका. कूलरचा शॉक लागून दर उन्हाळ्यात आपल्याकडे माणसं जातात. दोन्ही पाण्याची यंत्रं आहेत, दोघांना आपापला तीन पिनांचा, अर्थिंग असलेला सॉकेट द्या. घरात ३० मिलीअँपियरचा आरसीसीबी, म्हणजे वीज गळली की लगेच लाईन तोडणारा स्विच, नसेल तर आइस मेकरच्या आधी तो बसवून घ्यायला हवा होता, असं मी म्हणेन.

मशीन सपाट बसलंय का तेही बघा. वर पाण्याची वाटी ठेवा, पाणी कुठल्या बाजूला सरकतं ते दिसेल. मशीन कललं असेल तर ट्रे एका बाजूला भरते आणि फावड्यात गोळ्या अडकतात. अडकल्या तर प्लग काढून थोडं थांबा, वितळतील. सुरी, उलथनं, स्क्रू ड्रायव्हर यातलं काही आत जायला नको. बोटांना भोक पडलं की संपलं.

तुमच्या चिरंजीवांनी मशीन सीताबर्डीहून ऑटोत आडवं टाकून आणलं असं लिहिलंय. ते आता झालं, पण पुढे घर बदलताना लक्षात ठेवा: कॉम्प्रेसरमधलं तेल आडवं केल्यावर नळ्यांमध्ये जातं. उभं करून रात्रभर ठेवायचं, मगच प्लग लावायचा. लाईन गेली तर तेच तत्त्व थोड्या वेगळ्या कारणानं. लाईन परत आल्याबरोबर लगेच बटण दाबू नका. आतल्या दोन्ही बाजूंचा दाब समान व्हायला वेळ लागतो, दाबाविरुद्ध सुरू करताना छोटा कॉम्प्रेसर घरघरतो आणि गरम होऊन ट्रिप होतो. पाच मिनिटं थांबा. मे महिन्यात वाऱ्या-वादळात लाईन चार-चार वेळा येते-जाते, तशा दिवशी मशीन बंदच ठेवलेलं बरं. साध्या इन्व्हर्टरवर तर चालवूच नका.

दिव्यांबद्दल एकच सांगण्यासारखं आहे. ‘टोपली भरली’ हा दिवा रिकाम्या टोपलीतही लागत असेल तर खिडकी बघा. टोपली भरल्याचं ओळखणारा डोळा न दिसणाऱ्या किरणांवर चालतो, आणि काचेच्या झाकणातून थेट ऊन आत आलं की तो गोंधळतो. मशीन सावलीत सरकवा, दिवा जातो. या एका तक्रारीसाठी मी तीनशे रुपये व्हिजिट घेऊन मशीन फक्त दोन फूट सरकवून आलोय, आता तुम्ही फुकट सरकवा.

आकाराचं बटण असेल तर उन्हाळ्यात मोठी गोळी निवडा. छोटी गोळी टोपलीत पडेपर्यंतच निम्मी होते. हिवाळ्यात उलट, डिसेंबरात आपल्याकडे रात्री दहा-बारा अंश होतात तेव्हा मोठ्या गोळ्या एकमेकींना चिकटतात, तेव्हा छोटी. पण डिसेंबरात तुम्हाला बर्फ कशाला हवा बाप्पा.

आता तो क्षाराचा मुद्दा, आणि यावर थोडा वेळ घालवतो. पाणी गोठताना बर्फ शुद्ध पाणी आधी घेतो, क्षार मागे सोडतो. ते मागे राहिलेलं पाणी ट्रेमधून पुन्हा टाकीत जातं. मग त्यात तुम्ही नवीन पाणी ओतता, त्यातलंही चांगलं पाणी बर्फ होऊन जातं आणि क्षार मागे. चार-पाच वेळा भर घातली की टाकीत उरलेलं पाणी मूळ पाण्यापेक्षा कितीतरी जड झालेलं असतं, आटवलेल्या दुधासारखं. मग बोटांवर पांढरा थर बसतो, बर्फ सुटताना अडतो, पंपाची जाळी चोंदते, आणि बर्फाला चव यायला लागते. म्हणून दिवसभरात वितळलेलं थंड पाणी फेकू नका, ते पुन्हा कामाला येऊ द्या. पण रात्री मशीन बंद करताना खालचं बूच काढून टाकी पूर्ण रिकामी करा. ते पाणी तुळशीला जाऊ द्या. दुसऱ्या दिवशी ताजं.

दर पंधरा दिवसांनी लिंबूसत्व, म्हणजे सायट्रिक अ‍ॅसिड, एक लिटर पाण्यात दोन चमचे विरघळवून टाकीत भरा, सफाईचं बटण असेल तर ते दाबा, नसेल तर दोन-तीन फेऱ्या चालू द्या. तो बर्फ फेका, नंतर साध्या पाण्यानं दोनदा खंगाळा. व्हिनेगरही चालतं, पण वास आठवडाभर जात नाही. ब्लीच नको, घासणी नको. बाजूच्या जाळीवर धूळ आणि कूलरच्या ताटीचे कण बसतात, जुन्या दात घासायच्या ब्रशनं महिन्यातून एकदा झाडा. पावसाळा लागला की मशीन रिकामं करून झाकण उघडं ठेवून दोन दिवस सुकवा, मग उभंच खोक्यात. ओलं मिटवून ठेवलं तर पुढच्या एप्रिलला आत गुलाबी शेवाळ्यासारखा थर मिळतो, आणि तो वास बर्फात उतरतो. नवीन हंगामाच्या पहिल्या दोन-तीन फेऱ्यांचा बर्फ पिण्याला वापरू नका.

आता साखरपुडा. इथं मशीनवर भरवसा टाकून त्याच दिवशी सकाळी बटण दाबलंत तर फजिती ठरलेली. पण थोडा हिशोब केला तर जमतं. २०० मिलिलिटरचा पन्ह्याचा ग्लास ३० अंशांवरून ८ वर आणायला जवळजवळ ५० ग्रॅम बर्फ लागतो. साठ माणसं, दोन-दोन ग्लास, म्हणजे सहा किलो. तेच पन्हं आधी फ्रिजमध्ये १५ अंशांपर्यंत गार केलं तर ग्लासामागे १५-१६ ग्रॅम, म्हणजे दोन गोळ्या. एकूण दोन किलो. सांडलवंड, वितळणं, मुलांनी चोखायला पळवलेल्या गोळ्या धरून तीन. तीन किलो तुमचं मशीन आरामात देईल, पण एका दिवसात नाही. चार संध्याकाळी द्या.

सात वाजता, ऊन उतरल्यावर, कूलरच्या खोलीत माठाच्या पाण्यावर सुरू करा. टोपली भरली की मशीन थांबतं, म्हणून दर तासाला कोणीतरी उठून ती रिकामी करायची. घरात दहावी-बारावीचं अभ्यास करणारं कोणी असेल तर हे काम त्याला द्या, रात्री जागतंच ते. टोपलीतला बर्फ थेट पिशवीत भरून फ्रीजरमध्ये टाकू नका. तो ओला असतो, सकाळी एकच दगड निघतो आणि मग बत्ता शोधावा लागतो. आधी चाळणीत दोन मिनिटं निथळू द्या, मग स्टीलच्या ताटात एक थर पसरून तासभर फ्रीजरमध्ये. गोळ्या सुट्ट्या कडक झाल्या की पिशवीत भरा. असं केलं तर पिशवी हलवल्यावर खडखड वाजली पाहिजे. रोज तीन-चार तासांत माझ्या अंदाजे एक किलो निघेल, चौथ्या रात्रीपर्यंत तुमच्याकडे तीनपेक्षा जास्तच असेल. फ्रीजरमधलं बाकी सामान त्या आठवड्यापुरतं शेजारी पाठवा.

कार्यक्रमाच्या दिवशी तो बर्फ पोळ्यांच्या कॅसरोल डब्यात घेऊन पन्ह्याजवळ ठेवा. जो डबा पोळी तासभर गरम ठेवतो तो बर्फही तासभर टिकवतो. पन्ह्याचा गर नेहमीपेक्षा घट्ट करा, बर्फानं पातळ होणारच आहे. आणि एवढं करूनही कमी पडेल अशी धाकधूक असेल तर बाहेरून पाच किलो खाण्याच्या बर्फाची बंद पिशवी आणून ठेवा, कारखान्याची लादी नको. महाराष्ट्रात २०१८ पासून न खाण्याच्या बर्फात निळा रंग घालायचा नियम आहे, त्यामुळे निळसर झाक दिसली तर तो बर्फ बाटल्या गार करायला बादलीत टाका, ग्लासात नको.

आज रात्री फक्त एवढं करून बघा: मशीन कूलरच्या खोलीत, माठाचं पाणी, ‘मॅक्स’च्या रेघेपर्यंतच. पहिल्या तीन फेऱ्या सोडून द्या आणि चौथ्या फेरीची एक गोळी हातात घ्या. बोटाएवढ्या भोकाभोवती चांगली जाड भिंत धरली असेल तर काकांना बोलावून एक ग्लास पन्हं द्या. तरीही पातळच असेल तर मागच्या पट्टीचा फोटो आणि त्या नऊ गोळ्यांचा एकत्र फोटो पाठवा, मग गॅसबद्दल बोलू.